सांगायचं राहिलं

कुंडलच्या शिवारात ऊस तुटून गेलेल्या एका रानात नाथाजीनं चार दिवस मेंढरं बसवली होती. रानमालकाला खत मिळायचं, ह्यांना दोन पायल्या जोंधळा आणि विहिरीचं पाणी. फाल्गुन निम्मा सरला होता. सकाळपासूनच ऊन पाठीला चटके देत होतं आणि नाथाजी लोकर कातरायला बसला होता.

एकेक मेंढी तो आडवी पाडायचा, तिचे चारी पाय सुतळीनं बांधायचा, मानेवर गुडघा हलकाच टेकवायचा आणि पोटाकडून कातर घालायचा. आतली तांबूस कातडी उघडी पडली की मेंढी एकदा थरथरायची आणि मग गप्प व्हायची. त्याची आई हरणाबाई निघालेली लोकर झटकून काळी आणि पांढरी वेगळी करत होती. पाच वर्षांची लेक सुंदरा कोकरांना लांब हाकत होती. दरसाली मेंढीचे पाय धरायला त्याची बायको मनुबाई असायची. औंदा पाय बांधावे लागत होते.

बांधावर जीप थांबली. त्यातून दोघं उतरले. एकाच्या खांद्यावर कॅमेऱ्याची पेटी होती. दुसरा चाळिशीचा, चष्मेवाला, अंगात खादीचा सदरा. पाचटातून पाय उचलत तो आला आणि हातातला फोटो पुढं करत म्हणाला, "तरसवाडीचे नाथाजी तुम्हीच ना? महिनाभर शोधतोय तुम्हाला."

नाथाजीनं मान वर केली नाही. हरणाबाईनं फोटो हातात घेऊन उन्हाकडं धरला. अंगावर नवी चादर घेतलेला नाथाजी फोटोत हसत होता.

"ह्यो तर आमचा नाथाच हाय," म्हातारी म्हणाली.

"मी सुधाकर ताम्हणे," चष्मेवाला म्हणाला. "ओळखलंत का मला?"

"वळखलं की." नाथाजीची कातर चालूच होती. "कॅम्पात तुमीच म्हनला हुता, जरा हसा म्हनून."

ताम्हणेनं म्हातारीच्या हातातला फोटो परत घेतला. मग म्हणाला, "ती फिल्म मी सरकारी खात्यासाठी केली होती. तिला बक्षीस मिळालं. आता मी ते खातं सोडलंय. त्या नसबंदीच्या कॅम्पात खरं काय झालं, त्याची फिल्म करतोय. तुम्ही बोलाल का?"

"मला काम हाय."

"मी थांबतो."

नाथाजीला वाटलं, ऊन चढलं की जाईल. पण ताम्हणे गेला नाही. कॅमेरेवाल्याला त्यानं जीपच्या सावलीत बसवलं आणि स्वतः येऊन मेंढीचे मागचे पाय धरले. पहिल्याच मेंढीनं त्याच्या पोटात लाथ घातली. दुसरी त्याच्या विजारीवर मुतली. सुंदरा तोंडावर हात ठेवून हसली. नाथाजी हसला नाही, पण तिसऱ्या मेंढीच्या वेळी म्हणाला, "आसं न्हवं. खुराच्या वर धरा. दाबू नगा, नुसतं धरा."

दिवस मावळेपर्यंत अकरा मेंढ्या झाल्या. ताम्हणेच्या तळहातांना फोड आले होते. जाताना तो बोलण्याचं काहीच काढून बसला नाही. दुसऱ्या दिवशी तांबडं फुटल्यावर पुन्हा आला आणि पाय धरून बसला.

दुपारी विहिरीच्या काठाला भाकरी खाताना नाथाजी आपणहूनच बोलायला लागला. कॅमेरेवाल्यानं कॅमेरा कधी लावला, ते त्यानं पाहिलं नाही, किंवा पाहूनही काही बोलला नाही.

"मार्गशीर्ष हुता. चंपाषष्टी हून आठ दिस झालं आसतील. फारेष्टच्या हद्दीत मेंढरं गेली म्हनून गार्डानं धरली. गेली न्हवती, हद्दीच्या आल्याड हुती. साठ मेंढरं कोंडवाड्यात घातली. चार भिंती, वर पत्रा न्हाई, खाली पान्याचा थेंब न्हाई. येक दिस गेला, दोन दिस गेलं. सात कोकरं हुती दुधाची. आयांचं दूध आटलं, कोकरं भिंती चाटाय लागली. मी तलाठ्याच्या पाया पडलो. भाऊसाहेब म्हनला, कॅम्प लागलाय तालुक्याला. ट्रकात बस, सांजच्याला तुझी मेंढरं सोडतो."

"दुसरं कोणी होतं?"

"आमच्या गावचं अकरा जन हुतं. कुनाची रानाची नक्कल अडवलेली, कुनाचं रेशनकार्ड. येक तर सत्तरीचा म्हातारा."

"तिथं काय झालं?"

नाथाजीनं भाकरीचा तुकडा चटणीत दाबला, पण तोंडात घातला नाही.

"शाळंत हुता कॅम्प. बाकं जोडून टेबलं केलेली. पाच टेबलं. धोतर सोडून वळीनं हुभं केलं. म्होरच्याची पाठ बगत हुभं ऱ्हायाचं. टोचलं, पर बधिर व्हायच्या आदीच कापलं. मी वरडलो तवा डाक्टर म्हनला, मेंढ्यावानी वरडू नको. मग पोरगी व्हती येक नर्स, तिनं चादर दिली. आन् मग तुमी आलासा."

ताम्हणे जमिनीकडं बघत होता.

"तुमी म्हनला, हसा. मला हसू येईना. तवा तुमी भाऊसाहेबाच्या कानात काय तरी बोलला आन् त्यो मला म्हनला, तुझी मेंढरं सोडली रं आत्ताच, मानूस येऊन सांगून गेला. तवा मी हसलो. त्यात कोकरू येकबी मेल्यालं नसंल, आसं मला वाटलं. घरी जाऊन बगतोय तर मेंढरं आतच. दुसऱ्या दिशी सोडली. तीन कोकरं मेलती."

"मला ते माहीत नव्हतं," ताम्हणे म्हणाला. "मी विचारलंही नाही."

लोकरीच्या ढिगाशी बसलेली हरणाबाई मध्येच म्हणाली, "कोकरांचं काय घिऊन बसलायसा. ह्येचं घर बसलं त्यात. बायकू..."

"आये," नाथाजी म्हणाला.

म्हातारी पुन्हा लोकर झटकायला लागली. पण संध्याकाळी नाथाजी मेंढरांना पाण्यावर घेऊन गेला, तेव्हा तिनं ताम्हणेला सगळं सांगितलं. आपरेशननंतर पाच महिन्यांत सून गरवार दिसली. नाथाजीला तर डॉक्टरांनी सांगितलं होतं की आता मूल व्हायचं नाही. मग हे कुणाचं? सुनेनं बिरोबाचा भंडारा उचलून शपथ घेतली. गाव हसलं. म्हातारीनं तिला उंबऱ्याबाहेर काढलं. नाथाजी खाली मान घालून दावं वळत बसला होता. तो काही बोलला नाही. भाऊ येऊन तिला माण तालुक्यात, माहेरी, हिंगणवस्तीला घेऊन गेला. दसऱ्याच्या आधी तिथं तिला मुलगा झाला. सुंदराला म्हातारीनं ठेवून घेतलं.

"बघितलाय का मुलगा?"

"कुनी बगावा," हरणाबाई म्हणाली आणि लोकरीच्या ढिगातली काडी काढायला लागली.

ताम्हणेनं त्या रात्री तिथंच जीपमध्ये मुक्काम केला. सकाळी नाथाजी दगडावर कातरीला धार लावत होता. ताम्हणे त्याच्याजवळ उकिडवा बसला.

"नाथाजी, अशा कॅम्पात घाईत केलेली आपरेशनं फसतातही. तसं दोन ठिकाणी मला आढळलंय. मिरजेला माझ्या ओळखीचे एक डॉक्टर आहेत. तपासून देतील. तुमची खात्री होईल."

"आन् फसल्यालं नसंल तर?"

नाथाजी धार लावत राहिला. पात्यावर अंगठा फिरवून बघितला, पुन्हा लावली. वरसभर एकच गोष्ट त्याच्या डोक्यात फिरत होती आणि तिला कुठं टोक नव्हतं. रानात, पाण्यावर, निजताना. कधी वाटायचं, मनू तशी न्हाई. कधी वाटायचं, मग पोर आलं कुठनं. मेंढरांमागं चालताना तो गावातल्या एकेका गड्याचं तोंड आठवून बघायचा आणि मग स्वतःचीच त्याला किळस यायची.

दोन दिवसांनी मेंढरं आईच्या हवाली करून तो जीपमध्ये बसला.

मिरजेच्या दवाखान्यात कंपाउंडरनं त्याच्या हातात बाटली दिली. काय करायचं ते सांगितलं आणि संडासाशेजारच्या एका खोलीकडं बोट केलं. खोलीला कडी नव्हती. नाथाजी दाराला पाठ लावून उभा राहिला. बाहेर बाया बोलत होत्या, एक पोर रडत होतं. अर्धा तास गेला. कंपाउंडरनं दारावर थाप मारून सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात विचारलं, "झालं का हो, मेंढपाळ?" नाथाजी रिकामी बाटली घेऊन बाहेर आला आणि तडक रस्त्यावर गेला. ताम्हणेनं त्याला अडवलं नाही. दोघं चहाच्या टपरीवर बसले. चहा पिऊन झाल्यावर नाथाजी स्वतःच उठला आणि पुन्हा त्या खोलीत गेला.

डॉक्टर वयस्कर होते. सूक्ष्मदर्शकातून बराच वेळ बघत राहिले. मग मान वर करून म्हणाले, "आपरेशन व्यवस्थित झालंय. ह्यात काही नाही."

नाथाजीनं खुर्चीचा हात धरला. ताम्हणे डॉक्टरांकडं बघत राहिला. त्यानं हे धरलंच नव्हतं.

"म्हंजी पोर माजं न्हाई," नाथाजी म्हणाला.

"कोणतं पोर?" डॉक्टरांनी चष्मा काढला. "कधी झालंय?"

ताम्हणेनं सांगितलं. डॉक्टरांनी नाथाजीलाच विचारायला सुरुवात केली. आपरेशन कधी झालं. जखम कधी बरी झाली. बायकोजवळ कधी गेलात.

नाथाजी भिंतीकडं बघत बोलला. "जखम चिघळली हुती. म्हैनाभर हातरुनातच हुतो. संक्रांतीला उठलो. संक्रांतीच्या रातीच." तो थांबला. "घट बसायच्या चार दिस आदी पोर झालं म्हनं."

डॉक्टरांनी टेबलावर बोटं मोजली. "बरोबर नऊ महिने. आपरेशनपासून संक्रांत म्हणजे सहा आठवडेसुद्धा नाहीत." मग त्यांनी हळूच विचारलं, "तीन महिने थांबायला सांगितलं नव्हतं तुम्हाला? किंवा निरोध वापरायला?"

"कसलं थांबायचं?"

"तुम्ही कुंडलकडून आलात ना? विहिरीवर मोटार बघितलीय?"

"व्हय."

"मोटार बंद केली तरी पाइपात भरलेलं पाणी राहतं का नाही? तसंच. नस कापली तरी तिच्या पुढच्या भागात बी शिल्लक असतं. ते सरायला तीन महिने लागतात. तोवर मूल राहू शकतं. हे प्रत्येकाला सांगायचंच असतं. आपरेशन झालेल्याला घरी सोडताना पहिलं हे सांगायचं असतं."

"मला कुनी सांगितलं न्हाई."

"पोर तुमचंच असणार," डॉक्टर म्हणाले. "असं मी कागदावर लिहून देऊ शकत नाही. पण बायको दुसऱ्या कुणाचं नाही म्हणत असेल, तर संशय घ्यायला काही जागा नाही."

नाथाजी उठला. दारापर्यंत गेला आणि परत आला. "त्या दिशी कॅम्पात चारशे मानूस हुतं," तो म्हणाला. "कुनालाच सांगितलं न्हाई."

जीप तिथूनच मनुबाईच्या माहेराकडं निघाली. विट्याच्या अलीकडं ताम्हणेनं कॅमेरेवाल्याला गाडी थांबवायला सांगितली आणि खाली उतरून रस्त्याच्या कडेला उभा राहिला. परत येऊन बसल्यावर म्हणाला, "माझ्याकडं त्या दिवसाची सगळी रिळं आहेत. माणसं टेबलावरून उठतात, चादर घेतात, अंगठा देतात, जातात. मी पन्नासदा बघितलीत. त्यात निरोधची खोकी पण आहेत, भिंतीला लावलेली. ती कुणी उघडत नाही. मला कधी त्यात काही दिसलं नाही."

मनुबाई पाझर तलावाच्या कामावर होती. हिंगणवस्तीच्या खाली ओढ्याच्या पात्रात रोजगार हमीचं काम चालू होतं. शंभरेक माणसं खोदत होती, बाया माती वाहत होत्या. एका बाभळीला तीन-चार झोळ्या टांगल्या होत्या. ताम्हणे बांधावरच थांबला. नाथाजी खाली उतरला.

मनुबाईनं त्याला लांबूनच बघितलं. डोक्यावरची पाटी तिनं भरावावर नेऊन ओतली, रिकामी पाटी घेऊन परत आली, पुन्हा भरून घेतली. असं तीनदा झालं. नाथाजी वाटेच्या कडेला उभाच. चौथ्या वेळी तिचा भाऊ अर्जुना कुदळ टाकून आला.

"कशाला आलायसा दाजी?"

"तिच्यासंगं बोलायचं हाय."

"वरीस झालं की. आता काय बोलायचं?"

तेवढ्यात मनुबाई आली. ती वाळली होती. गळ्याची हाडं वर आली होती, केसांत माती होती. पाटी खाली ठेवून ती बाभळीकडं गेली आणि झोळीतलं पोर काढून पदराखाली घेतलं. त्याच्याकडं न बघता म्हणाली, "सुंदरा कशी हाय?"

"बरी हाय. दात पडलाय म्होरचा."

ती पोराच्या डोक्यावरून हात फिरवत राहिली. नाथाजीनं मिरजेची सगळी हकिगत सांगितली. दवाखाना, बाटली, मोटारीचा पाइप, तीन महिने. सांगताना त्याची जीभ अडखळत होती. मनुबाईनं सगळं ऐकून घेतलं.

"म्हंजी डाक्टरनं सांगितलं म्हनून आलासा."

नाथाजीनं डोक्यावरचा पटका काढून हातात घेतला.

"मी भंडारा उचलला तवा तुमी दावं वळत हुता. तवा माज्याकडं बगितलंबी न्हाई. त्या डाक्टरनं मला कवा बगितलंय का? त्येचं पटलं, आन् माजं न्हाई पटलं."

"चुकलं माजं."

"हितं वढ्यात चुकलं म्हनून काय व्हतंय. तरसवाडीत समद्या बाया माज्याकडं बगून थुकत हुत्या. तितं कोन सांगनार?" तिनं बांधाकडं बघितलं. "ते कोन हाय?"

"कॅम्पातला फिल्मवाला."

"ज्येनं ह्यांचं चित्र काडलं, त्योच? त्येला खाली बोलवा."

ताम्हणे आला. मनुबाई उभीच होती, पोर काखेत होतं.

"सायेब, तुमचं पैलं चित्र आमच्या गावच्या शाळंच्या भिंतीवर दाविलं हुतं. समद्या गावानं ह्यांना हासताना बगितलं. म्हनून तर लोक म्हनाय लागलं, हासत आपरीशन करून आला आन् बायकूनं आसं केलं. आता हे काय सांगत्यात ते तुमच्या यंत्रात घ्या. आन् तेबी त्याच भिंतीवर दावा. मग मी येते."

"दाखवीन. तुमचं बोलणं घेऊ का?" ताम्हणेनं विचारलं.

"माजं घिऊन काय करता. मी काय केलंय?"

त्या दिवशी दुपारी बाभळीखाली बसून नाथाजी कॅमेऱ्यापुढं बोलला. कामावरची माणसं जेवण टाकून भोवती जमली. तो बोलत असताना मनुबाई पाठ करून पोराला पाजत होती. बोलून झाल्यावर नाथाजीनं विचारलं, "घिऊ का जरा त्येला?"

"न्हाई," ती म्हणाली. "आदी दावा."

चैत्र गेला, वैशाख गेला. नाथाजीनं मेंढरं कुंडलहून हलवली आणि माणदेशाकडं वळला. दर मुक्कामाला तो हरणाबाईला विचारायचा, कुणी आलं होतं का. म्हातारीला त्यानं मिरजेचं सगळं सांगितलं होतं. ती त्यावर हो म्हणाली नव्हती आणि नाहीही. फक्त तेव्हापासून तिनं मनुबाईचं नाव शिवी लावून घ्यायचं थांबवलं होतं, आणि एकदा चुलीपुढं बसून म्हणाली होती, "संक्रांतीपासनं मोजलं तर बरुबर हाय."

ज्येष्ठात मेंढरं तरसवाडीत आली त्याच आठवड्यात ताम्हणे एस.टी.नं आला. जीप नव्हती, कॅमेरा नव्हता. दाढी वाढलेली होती. ओट्यावर बसून त्यानं तांब्याभर पाणी प्यायलं.

"फिल्म अडवलीय," तो म्हणाला. "कॅम्पातले तुकडे खात्याच्या मालकीचे आहेत म्हणतात. परवानगीशिवाय वापरले म्हणून सगळी रिळं घेऊन गेले. तुमचं बोलणंसुद्धा त्यात गेलं. मी अर्ज केलेत, मंत्र्यांना भेटलो. कोर्टात जाईन. पण दोन वर्षं लागतील, चार लागतील. मी तुमच्या बायकोला शब्द दिला होता. म्हणून सांगायला आलो."

"त्यो डाक्टर कुटं हाय? टेबलावरला?"

"पुण्याला. बढती मिळाली त्याला."

नाथाजी दाराच्या चौकटीला टेकून उभा राहिला. अंगणात सुंदरा कोकराला पाला चारत होती. तिच्याकडं बघत तो म्हणाला, "मंग भिंतीवर कशाला दावायचं. मीच सांगतो."

त्यानं अर्जुनाला निरोप धाडला. रविवारी बिरोबाच्या देवळापुढं गाव जमतं. त्या रविवारी मनुबाई भावाबरोबर चालत आली आणि बायांच्या मागं, लिंबाखाली, एकटीच बसली. बाया सरकल्या. तिच्या शेजारी कुणी बसलं नाही. सुंदरा आजीचं बोट सोडून तिच्याकडं पळाली आणि मग दोन हातांवर येऊन थबकली. मनुबाईनं हात पुढं केला. पोरगी हळूहळू जवळ गेली आणि पोराच्या पायाला बोट लावून बघायला लागली.

पूजा झाली. भंडारा वाटून झाला. नाथाजी देवळाच्या पायरीवर चढला आणि पटक्याचं टोक हातात धरून उभा राहिला. ताम्हणे खाली, माणसांत होता.

"मला बोलाय येत न्हाई," नाथाजी म्हणाला. "कॅम्पात माजं आपरीशन झालं ते समद्यास्नी ठावं हाय. त्येच्या मागं सव्वा म्हैन्यानं मी बायकूजवळ गेलो. त्येचं पोर हाय. माजं हाय. आपरीशन झाल्यावं तीन म्हैनं थांबायचं आसतंय. तवर पोर ऱ्हातंय. कॅम्पात आमाला कुनी सांगितलं न्हाई. पर माज्या बायकूनं सांगितलं हुतं. तिनं ह्याच बिरोबाचा भंडारा उचलला. मी तिच्यावर इस्वास ठेवला न्हाई. ही माजी चूक हाय. तिची न्हाई."

मागं कुणीतरी हसलं आणि एकटंच पडून गप्प झालं. नाथाजीला पुढं काय बोलायचं ते सुचेना. तो पायरीवरच उभा राहिला. माणसं एकमेकांकडं बघत होती.

तेव्हा पुढं बसलेला आकाराम उठला. पन्नाशीचा, अंगानं मोठा गडी. त्या दिवशीच्या ट्रकात तोही होता. कॅम्पानंतरच्या फाल्गुनात त्याची बायको शालूबाई विहिरीत बुडून गेली होती. पाणी शेंदताना पाय घसरला, असं आकारामनं पोलीस पाटलाला सांगितलं होतं आणि कुणी जास्त विचारलं नव्हतं.

"किती म्हैनं म्हनलास?"

"तीन."

"कुनी सांगितलं तुला?"

नाथाजीनं ताम्हणेकडं बोट केलं. आकाराम माणसांतून वाट काढत ताम्हणेपुढं येऊन उभा राहिला. "परत सांगा," तो म्हणाला.

ताम्हणेनं पुन्हा सांगितलं. हळू, सगळं. पाइपाचंही सांगितलं. आकाराम ऐकता ऐकता अंगठा बोटांच्या पेरांवर फिरवत होता. मार्गशीर्ष. पौष. तो तिथंच थांबला. मग पुन्हा पहिल्यापासून मोजलं आणि पुन्हा तिथंच थांबला.

"तिला दुसरा म्हैना हुता," तो म्हणाला. आवाज नेहमीसारखाच होता, जणू कुणी वाट विचारली आणि त्यानं सांगितली. "ती म्हनत हुती मला. पाय धरून म्हनत हुती. मी दार लावून घेतलं हुतं आतनं."

बायांनी पदर तोंडाला लावले. देवळापुढं सत्तर-ऐंशी माणसं होती, पण पुजाऱ्यानं तांब्या खाली ठेवला तो आवाजही सगळ्यांना ऐकू आला. ताम्हणेनं आकारामच्या खांद्यावर हात ठेवायला उचलला आणि अर्ध्यातूनच मागं घेतला. आकारामनं आपली काठी उचलली. पायताण घातलं नाही. गावाकडं न जाता तो ओढ्याच्या वाटेनं चालायला लागला. कुणी उठलं नाही. तो जात राहिला आणि माणसं त्याच्या पाठीकडं बघत राहिली.

मनुबाई उठली. पोराला तिनं हरणाबाईच्या मांडीवर दिलं. म्हातारीनं ते घेतलं आणि पदरानं त्याचं तोंड पुसलं. मनुबाई पायरीपाशी आली, नाथाजीच्या अगदी समोर.

"त्यांच्या मागं जावा," ती म्हणाली. "येकट्याला सोडू नगा."

नाथाजी पायरी उतरला आणि ओढ्याच्या वाटेनं पळत सुटला.